एडमंड मॉर्गन कसे वाचावेत : वसाहतकालीन अमेरिकेच्या राजकीय इतिहासाच्या वाचकासाठी

वसाहतकालीन अमेरिकेचा राजकीय इतिहास वाचू पाहणाऱ्याला एडमंड सिअर्स मॉर्गन हे नाव टाळता येत नाही, आणि त्यांचे पुस्तक हाती घेतल्यावर जी अडचण येते ती नेहमीच्या अडचणीच्या नेमकी उलट असते : ते फार सोपे लिहितात. परिभाषेचे ओझे नाही, पांडित्याचे प्रदर्शन नाही, वाक्ये आखूड आणि माणसे जिवंत. त्यामुळे वाचक भराभर पाने उलटत जातो, पुस्तक संपते, व्हर्जिनियातील तंबाखू आणि बोस्टनमधील दंगल लक्षात राहते. पण लेखक कोणाशी वाद घालत होता आणि कोणत्या कागदाच्या बळावर घालत होता, हे मात्र हातून निसटते. ते निसटू नये म्हणून कोणते पुस्तक आधी घ्यावे, शेजारी कोणती साधने ठेवावीत आणि लेखकावर विश्वास टाकताना कोठे हात आखडता घ्यावा, एवढेच येथे सांगायचे आहे.

लेखकाविषयी आवश्यक तेवढे आधी सांगतो. मॉर्गन यांचा जन्म १९१६ साली मिनियापोलिस येथे झाला. हार्वर्डमध्ये पेरी मिलर यांच्या हाताखाली ते शिकले; प्युरिटनांच्या, म्हणजे इंग्लंडातून आलेल्या कडव्या प्रोटेस्टंट सुधारकांच्या, विचारांचे मिलर हे थोर अभ्यासक. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्यांनी मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीच्या रेडिएशन प्रयोगशाळेत यंत्रकारागीर म्हणून काम केले. नंतर ब्राउन विद्यापीठात आणि १९५५ ते १९८६ या काळात येलमध्ये अध्यापन केले. २०१३ साली त्यांचे निधन झाले. पहिले पुस्तक १९४४ चे आणि शेवटची पुस्तके एकविसाव्या शतकातील, म्हणजे लेखनाचा पल्ला साठ वर्षांहून अधिक आहे. एवढ्या काळात विषय बदलत गेले. न्यू इंग्लंडमधील प्युरिटन कुटुंब, स्टॅम्प ॲक्ट, व्हर्जिनियातील गुलामगिरी, लोकांच्या सार्वभौमत्वाची कल्पना, बेंजामिन फ्रँकलिन. बाहेरून पाहणाऱ्याला हे वेगवेगळे विषय वाटतात. मला ते तसे वाटत नाहीत, आणि वाचनाची सगळी युक्ती या एका मुद्द्यावर उभी आहे.

मॉर्गन यांची पद्धत अशी की माणसे स्वतःविषयी जे बोलतात ते आधी खरे मानून चालायचे, त्यांचे शब्द त्यांच्याच अर्थाने समजून घ्यायचे, आणि मग ती माणसे प्रत्यक्षात काय करीत होती ते जमाखर्चाच्या वह्या, कायदे, मृत्युपत्रे आणि न्यायालयाच्या नोंदी यांतून तपासायचे. ‘बोले तैसा चाले’ असा माणूस त्यांना क्वचितच भेटतो. पण म्हणून ते कोणाला ढोंगी ठरवून मोकळे होत नाहीत. बोलणे आणि करणे यांच्यातील अंतर कशामुळे पडले आणि त्या अंतराने पुढे काय घडवले, हा त्यांचा खरा विषय असतो. तेव्हा त्यांचे कोणतेही पुस्तक वाचताना वहीच्या पानावर दोन रकाने आखावेत. डावीकडे त्या काळच्या लोकांनी काय म्हटले ते, उजवीकडे त्यांनी काय केले ते, आणि प्रत्येक नोंदीखाली मॉर्गन यांनी दिलेले साधन. लेखकाचे स्वतःचे मत तिसरीकडे, वेगळ्या शाईने लिहावे. ही शिस्त पहिल्या पन्नास पानांत कंटाळवाणी वाटते. पुढे ती सोडवत नाही.

सुरुवात कोठून करावी

प्रकाशनाच्या क्रमाने वाचू नये, आणि सर्वांत गाजलेल्या पुस्तकापासूनही सुरुवात करू नये. १९५६ साली निघालेले ‘द बर्थ ऑफ द रिपब्लिक’ हे लहानसे पुस्तक आधी घ्यावे. १७६३ ते १७८९ हा सव्वीस वर्षांचा पट त्यात दोनशेच्या आतबाहेर पानांत मांडला आहे. यात नवे संशोधन फारसे नाही, पण पुढच्या सगळ्या वादांची जागा येथे कळते. मराठी वाचकाला या सनावळ्या लक्षात ठेवणे वाटते तितके जड नाही, कारण शेजारी आपल्या सनावळ्या ठेवता येतात. नारायणराव पेशव्यांचा खून ऑगस्ट १७७३ मधला, आणि बोस्टनच्या बंदरात चहाच्या पेट्या फेकल्या गेल्या त्याच वर्षाच्या डिसेंबरात. हा नुसता योगायोग म्हणून सांगत नाही. तो चहा ईस्ट इंडिया कंपनीचा होता, कंपनीची कोसळती आर्थिक स्थिती सावरण्यासाठी तो अमेरिकेत पाठवला होता, आणि त्याच अडचणीतून त्याच वर्षी पार्लमेंटने रेग्युलेटिंग ॲक्ट केला. त्याच कायद्याच्या आधारे कलकत्त्याच्या कौन्सिलने पुढे मुंबईकरांनी रघुनाथरावांशी केलेला सुरतेचा तह अमान्य केला. वडगाव आणि सालबाई हे टप्पे अमेरिकन युद्ध चालू असतानाचे आहेत. मॉर्गन यांच्या पुस्तकात यांतल्या आपल्याकडच्या घटना नाहीत. परंतु वाचकाने मनात हा नकाशा ठेवला तर लंडनमधील मंत्र्यांना पैशाची एवढी निकड का होती, हे चटकन उमगते.

स्टॅम्प ॲक्ट : कागद शेजारी ठेवून वाचणे

यानंतर ‘द स्टॅम्प ॲक्ट क्रायसिस’ हे १९५३ चे पुस्तक घ्यावे. मुखपृष्ठावर हेलन मॉर्गन यांचेही नाव आहे, आणि उल्लेख करताना ते गाळू नये. मॉर्गन यांची पद्धत उघड्यावर दिसते ती या पुस्तकात, म्हणून येथे थोडे रेंगाळावे.

विषय आपल्याला परका नाही. मुद्रांकाच्या कागदावाचून आपल्याकडे घराचा करार होत नाही. १७६५ च्या मार्चमध्ये पार्लमेंटने हीच रीत अमेरिकन वसाहतींना लावली. न्यायालयीन कागद, परवाने, वृत्तपत्रे, पंचांगे, पत्ते आणि फासे या सर्वांवर मुद्रांक बसणार होता आणि १ नोव्हेंबरपासून अंमल सुरू होणार होता. वसाहतींत दंगे झाले, मुद्रांक वाटणाऱ्या अधिकाऱ्यांना राजीनामे द्यायला लावले गेले, आणि मार्च १७६६ मध्ये कायदा मागे घेतला गेला. एवढे कोणत्याही पाठ्यपुस्तकात मिळते. मॉर्गन यांचा वाद वेगळाच आहे.

त्यांच्या आधीच्या पिढीतील अनेक इतिहासकारांचे म्हणणे असे की वसाहतवाल्यांना तत्त्व असे नव्हतेच. त्यांना फक्त पैसे द्यायचे नव्हते. १७६५ मध्ये ते म्हणाले की अंतर्गत कर नको, बंदरावरची जकात चालेल. १७६७ मध्ये ब्रिटिश अर्थमंत्री टाउनशेंड यांनी त्यांचाच शब्द धरून काच, शिसे, रंग, कागद आणि चहा यांवर जकात बसवली, तेव्हा ते म्हणाले की तीही नको. पुढे तर पार्लमेंटची सत्ताच नको म्हणाले. म्हणजे पायरी बदलली की तत्त्व बदलले. चार्ल्स बिअर्ड यांनी १९१३ साली संविधानाची आर्थिक मीमांसा केली तेव्हापासून घोषणांच्या मागे हितसंबंध शोधण्याची जी सवय अमेरिकन इतिहासलेखनाला लागली होती, तिला हे पटण्यासारखे होते.

मॉर्गन यांनी केलेले काम दिसायला साधे आहे. वृत्तपत्रांतील चर्चा आणि लंडनमधील भाषणे बाजूला ठेवून त्यांनी वसाहतींच्या विधिमंडळांनी त्या वर्षी रीतसर संमत केलेले ठराव काढून वाचले. ऑक्टोबर १७६५ मध्ये न्यूयॉर्क येथे नऊ वसाहतींचे प्रतिनिधी जमले होते. त्यांच्या जाहीरनाम्याचा तिसरा ठराव सांगतो की लोकांवर त्यांच्या स्वतःच्या वा त्यांच्या प्रतिनिधींच्या संमतीवाचून कोणताही कर लादता येत नाही, हा इंग्रज माणसाचा निर्विवाद हक्क आहे. अंतर्गत कर, बाह्य कर असा भेद तेथे नाही. भेद आहे तो कर बसवणे आणि कायदा करणे यांत : व्यापाराचे नियमन करणारे कायदे पार्लमेंटने करावेत, कर मात्र बसवू नये. मग अंतर्गत-बाह्य हा भेद लंडनमध्ये एवढा रुजला कसा? त्याचे एक मोठे कारण पेनसिल्व्हेनियाचे लंडनमधील प्रतिनिधी बेंजामिन फ्रँकलिन. फेब्रुवारी १७६६ मध्ये कॉमन्स सभेपुढे साक्ष देताना त्यांनी कायदा रद्द व्हावा म्हणून वसाहतींचा आक्षेप केवळ अंतर्गत करांना आहे, अशी बतावणी केली. पार्लमेंटला हवे ते ऐकू आले.

वाचकाने येथे पुस्तक मिटून स्वतः ठराव वाचावेत. मॉर्गन यांनीच १९५९ साली ‘प्रोलॉग टू रेव्होल्यूशन’ या नावाने ही साधने संपादित करून छापली आहेत. न्यूयॉर्कचे ठराव येल विधी महाविद्यालयाच्या ॲव्हलॉन प्रकल्पात फुकट मिळतात. पण पहिले वाचन व्हर्जिनियाच्या ठरावांचे करावे, कारण तेथे मॉर्गन यांच्या मांडणीची कसोटी लागते. मे १७६५ मध्ये पॅट्रिक हेन्री यांच्या पुढाकाराने संमत झालेल्या या ठरावांपैकी चौथा असे म्हणतो की आपली ‘अंतर्गत राज्यव्यवस्था आणि करआकारणी’ यांविषयीचे कायदे आपल्या संमतीने होण्याचा हक्क आम्ही अखंड उपभोगत आलो आहोत. आता यातील ‘अंतर्गत’ हे विशेषण केवळ राज्यव्यवस्थेला लागते की करआकारणीलाही? दुसरा अर्थ घेतला तर जुन्या इतिहासकारांना आधार मिळतो. एकट्या या वाक्यावरून निकाल लागत नाही. इतर वसाहतींचे ठराव रांगेने वाचले म्हणजे पहिल्या अर्थाचे पारडे जड होते, असे माझेही मत झाले. काही व्यक्तींनी लिहिलेल्या पुस्तिकांत अंतर्गत-बाह्य भेद सापडतो हे खरे, पण पुस्तिका म्हणजे विधिमंडळ नव्हे, आणि कोणत्या साधनाला किती वजन द्यायचे हाच तर येथील प्रश्न आहे. ज्यांनी राजवाड्यांच्या प्रस्तावना वाचल्या आहेत त्यांना अस्सल कागद आणि बखर यांतला हा भेद नव्याने शिकवावा लागणार नाही.

व्हर्जिनियाच्याच ठरावांत आणखी एक गंमत आहे. विधिमंडळाच्या नोंदवहीत चार ठराव आहेत. पाचवा संमत होऊन दुसऱ्या दिवशी मागे घेतला गेला. आणि ऱ्होड आयलंडमधील न्यूपोर्टच्या वृत्तपत्राने मात्र सहा छापले. इतर वसाहतींनी वाचले ते छापील सहा. म्हणजे जे घडलेच नाही त्याचे अनुकरण करून त्यांनी स्वतः पुढचे पाऊल टाकले. अशी जागा आली की दोन्ही रकान्यांत नोंद करावी.

या पुस्तकाची आणखी एक खूण लक्षात ठेवावी. पुष्कळशी प्रकरणे एकेका माणसाभोवती बांधली आहेत आणि त्यांत हरलेल्या बाजूची माणसे बरीच आहेत : मॅसॅच्युसेट्सचे गव्हर्नर बर्नार्ड, जकात अधिकारी रॉबिन्सन, कनेक्टिकटचे मुद्रांक वितरक इंगरसोल. २६ ऑगस्ट १७६५ च्या रात्री मॅसॅच्युसेट्सचे उपगव्हर्नर थॉमस हचिन्सन यांचे घर जमावाने धुळीला मिळवले ते वाचताना लेखकाची सहानुभूती कोणाकडे आहे हे तपासावे. वसाहतवाल्यांचे तत्त्व खरे होते असे सिद्ध करणारा हा लेखक त्यांच्या दंगलीला सोवळे नेसवत नाही.

विन्थ्रॉप, थोडक्यात

१९५८ चे ‘द प्युरिटन डायलेमा’ हे मॅसॅच्युसेट्सच्या वसाहतीचे प्युरिटन गव्हर्नर जॉन विन्थ्रॉप यांचे छोटे चरित्र आहे. धर्माच्या इतिहासात रस नसला तरी त्यातील सनदेची हकीकत वाचावी. मॅसॅच्युसेट्स बे कंपनीची सनद विन्थ्रॉप आणि त्यांचे सहकारी १६३० साली सोबत घेऊन अमेरिकेत आले, आणि व्यापारी कंपनीच्या भागधारकांची सभा हीच एका राज्याची शासनसंस्था बनली. मूठभर माणसांच्या हातातली ती सत्ता त्यांनी १६३१ मध्ये चर्चच्या पुरुष सभासदांना खुली केली. १६३४ मध्ये लोकांच्या प्रतिनिधींनी मूळ सनद पाहायला मागितली आणि कायदे करण्याचा हक्क आपलाच असल्याचे त्यांना कळले. मात्र वेगळ्या धर्ममतांमुळे हद्दपार झालेल्या ॲन हचिन्सन यांच्यावरील १६३७ च्या खटल्याचे प्रकरण विन्थ्रॉप यांच्या खांद्यावरून पाहिलेले आहे, हे ध्यानात ठेवून वाचावे. येथे मॉर्गन न्यायाधीशाच्या फार जवळ बसतात असे मला वाटते.

व्हर्जिनिया : स्वातंत्र्य आणि गुलामगिरी

१९७५ चे ‘अमेरिकन स्लेव्हरी, अमेरिकन फ्रीडम’ हे त्यांचे सर्वांत मोठे काम. मोठे म्हणून नव्हे, तर यात मॉर्गन स्वतःच्याच जुन्या लेखनाला प्रश्न विचारतात म्हणून ते तिसऱ्या-चौथ्या क्रमांकावर वाचावे. ज्यांच्या स्वातंत्र्याच्या भाषेवर आधीच्या पुस्तकांत त्यांनी विश्वास ठेवायला शिकवले, त्यांतले कितीतरी जण गुलामांचे मालक होते. पहिल्या पाच राष्ट्राध्यक्षांपैकी चार, वॉशिंग्टन, जेफरसन, मॅडिसन आणि मन्‍रो, हे व्हर्जिनियाचे आणि चौघेही गुलाम बाळगणारे. हे केवळ ढोंग म्हणून सोडून द्यायचे, की स्वातंत्र्य आणि गुलामगिरी यांची वाढ एकाच मुळातून झाली असे मानायचे?

पुस्तकाला हात घालण्यापूर्वी ‘स्लेव्हरी अँड फ्रीडम : द अमेरिकन पॅराडॉक्स’ हे १९७२ चे त्यांचे अध्यक्षीय भाषण वाचावे. अमेरिकन इतिहासकारांच्या संघटनेपुढे केलेल्या या भाषणात पुढच्या पुस्तकाचा सांगाडा एका बैठकीत कळतो. मग पुस्तक सावकाश घ्यावे, आणि पनामातील पळून गेलेल्या गुलामांशी इंग्रज दर्यावर्दी फ्रान्सिस ड्रेक यांनी केलेल्या युतीचे पहिले प्रकरण अवांतर समजून गाळू नये. गुलामगिरीवाचून वेगळा मार्ग इंग्रजांच्या कल्पनेत एके काळी होता, हे तेथे नोंदवलेले आहे.

युक्तिवादाची साखळी अशी. जेम्सटाउनची वसाहत १६०७ ची. सुरुवातीला उपासमार आणि आळस, मग तंबाखू. तंबाखूला हात लागतात. ते हात इंग्लंडमधून आलेल्या करारबद्ध नोकरांचे होते, आणि मृत्यूचे प्रमाण इतके भयंकर होते की जन्मभराचा गुलाम विकत घेणे मळेमालकाला परवडत नसे. काही वर्षांचा नोकर स्वस्त पडे. शतकाच्या मध्यानंतर माणसे जगू लागली. त्याचे दोन परिणाम झाले : एक, जन्मभराच्या गुलामात गुंतवलेला पैसा वसूल होऊ लागला, दुसरा, मुदत संपलेले नोकर जिवंत राहून मोकळे झाले, पण चांगली जमीन आधीच बड्यांनी अडवलेली. हातात बंदूक आणि पोटात राग असलेल्या या गोऱ्या गरिबांतून नॅथॅनिएल बेकन या मळेमालकाच्या पुढारीपणाखाली १६७६ चे बेकनचे बंड पेटले. जेम्सटाउन जळाले. शरण यायला नकार देणाऱ्या शेवटच्या टोळीत सुमारे ऐंशी काळे आणि वीस इंग्रज होते, आणि हा आकडा वाचकाने ठळक लिहून ठेवावा, कारण मॉर्गन यांच्या मते पुढच्या तीस वर्षांत असे एकत्र येणेच अशक्य केले गेले. नोकरांची जागा गुलामांनी घेतली, वर्णभेदाचे कायदे झाले, गरीब गोऱ्याला बड्या गोऱ्याशी बरोबरीची भावना मिळाली, आणि त्या बरोबरीवर प्रजासत्ताकाची भाषा उभी राहिली.

ही साखळी मोहक आहे, म्हणूनच प्रत्येक कडी तपासावी. त्यासाठी हेनिंग यांनी संपादित केलेले व्हर्जिनियाचे कायदेसंग्रह, विशेषतः दुसरा आणि तिसरा खंड, इंटरनेट अर्काइव्हवरून उतरवून घ्यावेत. इंग्रजी जुन्या वळणाचे असले तरी कायदे आखूड आहेत. १६६२ चा कायदा सांगतो की मूल गुलाम की स्वतंत्र हे आईवरून ठरेल. १६६७ चा सांगतो की बाप्तिस्म्याने गुलाम मुक्त होत नाही. १६६९ चा वाचताना थांबावेच लागते : शिक्षा करताना गुलाम मेला तर तो गुन्हा नाही, कारण कोणी मनुष्य स्वतःच्या मालमत्तेचा जाणूनबुजून नाश करील असे मानता येत नाही. १६७० मध्ये मतदानाचा हक्क जमीन किंवा घर असलेल्यांपुरता ठेवला, कारण मुदत संपलेले नोकर निवडणुकीत गोंधळ घालतात. आणि १७०५ चा मोठा कायदा दोन रकान्यांसाठीच केल्यासारखा आहे. मुदत संपलेल्या नोकराला मालकाने दहा बुशेल मका, तीस शिलिंग आणि एक बंदूक द्यावी. गोऱ्या ख्रिस्ती नोकराला न्यायाधिकाऱ्याच्या हुकुमावाचून उघड्या अंगावर फटके मारू नयेत. आणि गुलामांकडे असलेली गुरे, घोडी, डुकरे जप्त करून विकावीत व पैसा त्या भागातील गरिबांना वाटावा. एकाच कायद्यात एकाच्या पदरात घालायचे आणि दुसऱ्याच्या हातचे काढायचे कसे, हे कोणत्याही भाष्यावाचून दिसते.

मग मॉर्गन यांना प्रश्न विचारावेत. मळेमालकांनी हे ठरवून केले का? मॉर्गन यांचे उत्तर सावध आहे : गुलाम घेण्याचा निर्णय प्रत्येकाने आपापल्या फायद्यासाठी घेतला, गरिबांना शांत करण्याचा कट त्यामागे नव्हता. अँथनी पेरेंट यांनी २००३ च्या ‘फाउल मीन्स’मध्ये याला विरोध करून हा एका वर्गाने जाणीवपूर्वक केलेला उद्योग असल्याचे मांडले. दुसरी उणीव स्त्रियांची. १६४३ च्या कायद्याने आफ्रिकन स्त्रियांना करपात्र मजुरांत धरले, इंग्रज स्त्रियांना नाही. म्हणजे वर्णाची रेघ बेकनच्या बंडाआधी तीस वर्षे, स्त्रियांच्या अंगावरून, ओढायला सुरुवात झाली होती. कॅथलीन ब्राउन यांचे १९९६ चे पुस्तक या धाग्यावर उभे आहे, आणि ते वाचल्यावर मॉर्गन यांची कालरेषा थोडी मागे सरकवावी लागते.

मराठी वाचकाला या पुस्तकापाशी यायला एक जुनी वाटही आहे. जोतीराव फुले यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती गुलामांची मुक्तता करणाऱ्या अमेरिकेतील सज्जनांना. जोतीरावांना त्या घटनेत आपल्याकडील शूद्रातिशूद्रांच्या सुटकेची आशा दिसत होती. त्या अर्पणपत्रिकेनंतर मॉर्गन वाचले की मुक्तीचा प्रश्न दोनशे वर्षे आधी कायद्याच्या कोणत्या गाठींनी बांधला गेला होता ते कळते. दोन समाजांची थेट तुलना मात्र या पुस्तकाच्या आधाराने करू नये. मॉर्गन फक्त व्हर्जिनियाविषयी बोलतात, आणि शेजारच्या वसाहतींनाही तो नियम लावताना बिचकतात.

लोक नावाची कल्पना

१९८८ चे ‘इन्व्हेंटिंग द पीपल’ शेवटी घ्यावे. सुरुवातीला अठराव्या शतकातील तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम यांचे जुने निरीक्षण आहे : थोड्यांनी पुष्कळांवर इतक्या सहजपणे राज्य करावे याहून आश्चर्याचे काही नाही. मॉर्गन यांचे उत्तर असे की ते राज्य कल्पितांवर चालते. आधी राजा ईश्वराचा प्रतिनिधी असल्याचे कल्पित होते. १६४० च्या दशकातील यादवीत पार्लमेंटने त्याच्याविरुद्ध लोकांच्या सार्वभौमत्वाचे कल्पित उभे केले, आणि १६४९ मध्ये राजाचे डोके उडवल्यावर त्याच कल्पिताचे काय करायचे हे पार्लमेंटलाच कळेना.

येथे सर्वांत जास्त वाचक चुकतात, कारण कल्पित म्हणजे थापेबाजी असे ते धरून बसतात. मॉर्गन यांचा अर्थ तो नाही. कल्पित टिकायचे असेल तर वस्तुस्थितीपासून फार दूर जाऊन चालत नाही, आणि एकदा ते मान्य झाले की राज्यकर्त्यांनाही त्याच्या जवळ यावे लागते. म्हणून या पुस्तकात डावा रकाना उजव्या रकान्यावर कसा परिणाम करतो, ते पाहावे. पहिल्या भागासाठी इंग्लंडच्या यादवीची सनावळी शेजारी ठेवावी, नाही तर नावांच्या गर्दीत वाट चुकते.

मला त्यातील निवडणुकांविषयीचा मधला भाग सर्वांत सरस वाटतो. व्हर्जिनियात मत गुप्त नसे. मतदार टेबलापाशी येऊन सर्वांसमक्ष उमेदवाराचे नाव घेई आणि उमेदवार तेथेच त्याचे आभार मानी. मतदारांना दारू पाजणे ही रीतच होती. वॉशिंग्टन १७५८ मध्ये फ्रेडरिक परगण्यातून निवडून आले तेव्हा त्यांच्या खर्चाने सुमारे १६० गॅलन रम, पंच, वाइन आणि बिअर रिचवली गेली. आपल्याकडील निवडणुका पाहिलेला वाचक येथे हसेल, पण बडा माणूस एक दिवस लहान माणसापुढे वाकतो या सोहळ्यातून बड्यांचीच सत्ता कशी पक्की होते, हा मुद्दा हसण्याच्या भरात सुटू देऊ नये. मॅडिसन आणि १७८७ च्या संविधानाचा शेवटचा भाग मात्र घाईने आटोपल्यासारखा आहे; तेथे मॅडिसन यांची मूळ पत्रे वाचावीत. अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागाराच्या ‘फाउंडर्स ऑनलाइन’ या संग्रहात ती तारखेने शोधता येतात, आणि वॉशिंग्टन, फ्रँकलिन, ॲडम्स, जेफरसन, हॅमिल्टन यांचीही.

फ्रँकलिन यांच्यावरचे २००२ चे चरित्र आणि ‘न्यूयॉर्क रिव्ह्यू ऑफ बुक्स’मधील परीक्षणांचे संग्रह फावल्या वेळचे वाचन म्हणून चांगले आहेत, परीक्षणांतून मॉर्गन इतरांचे पुस्तक कोणत्या कसोट्यांवर तपासतात ते दिसते. ज्यांना एवढा सगळा वेळ नाही त्यांनी १९७२ चे भाषण, न्यूयॉर्कचे १७६५ चे ठराव आणि व्हर्जिनियाचा १७०५ चा कायदा एवढे तीन कागद आधी वाचावेत, आणि मग व्हर्जिनियाच्या पुस्तकाची ‘टुवर्ड स्लेव्हरी’पासूनची अखेरची प्रकरणे सलग घ्यावीत.